खासगी व्यावसायिक महाविद्यालयांतले प्रवेश आणि कायदा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बारावीचा निकाल लागला की प्रवेशाबद्दल पालक जे प्रश्न विचारतात, त्यांतले नेहमीचे इथे घेतले आहेत. इंजिनिअरिंग, फार्मसी, मॅनेजमेंट, मेडिकल, डेंटल अशा अभ्यासक्रमांच्या महाराष्ट्रातल्या विनाअनुदानित खासगी कॉलेजांपुरतीच ही माहिती आहे. वेळापत्रक आणि फेऱ्यांचे नियम दरवर्षी थोडेफार बदलतात, त्यामुळे तारखांसाठी त्या वर्षीची माहितीपुस्तिकाच प्रमाण धरा. ती कंटाळवाणी असते, पण निम्म्या भांडणांचं उत्तर त्यात असतं.

कॉलेज खासगी आहे, सरकारचं एक रुपया अनुदान नाही. मग प्रवेश कुणाला द्यायचा हे सरकार का ठरवतं?

संस्थाचालक हा प्रश्न गेली तीसेक वर्षं कोर्टात विचारत आले आहेत. त्याचं उत्तर एकदम मिळालं नाही, टप्प्याटप्प्याने मिळत गेलं.

महाराष्ट्रात १९८३ साली, वसंतदादा पाटील मुख्यमंत्री असताना, विनाअनुदानित तत्त्वावर इंजिनिअरिंग कॉलेजं काढायला परवानगी मिळाली. जागा वाढल्या, परराज्यांत जाणारी पोरं इथेच शिकू लागली आणि त्याबरोबर देणगीचा बाजारही उभा राहिला. १९९२ मध्ये मोहिनी जैन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कॅपिटेशन फी, म्हणजे प्रवेशाच्या बदल्यात ठरलेल्या फीवर घेतलेली देणगी, बेकायदा ठरवली. पुढच्याच वर्षी उन्नीकृष्णन खटल्यात न्यायालयाने एक योजनाच आखून दिली : निम्म्या जागा 'फ्री', निम्म्या 'पेमेंट'. ऐकायला न्याय्य वाटणारी ही योजना प्रत्यक्षात उलटी फिरली. महागडे क्लास लावून चांगले गुण मिळवणारी शहरी, सधन घरातली मुलं फ्री सीटवर बसू लागली, आणि त्यांचा खर्च पेमेंट सीटवरच्या मुलांच्या फीतून निघू लागला.

म्हणून २००२ मध्ये टी.एम.ए. पै फाउंडेशन खटल्यात अकरा न्यायाधीशांच्या पीठाने ती योजना मोडीत काढली. शैक्षणिक संस्था चालवणं हा राज्यघटनेच्या कलम १९(१)(ग) खालचा 'व्यवसाय' आहे, संस्थेला स्वतःची फी ठरवता येईल आणि विकासासाठी वाजवी शिल्लकही ठेवता येईल, असं या पीठाने सांगितलं. नफेखोरी आणि कॅपिटेशन फी मात्र चालणार नाही, आणि व्यावसायिक अभ्यासक्रमात गुणवत्ता डावलता येणार नाही. २००३ च्या इस्लामिक अॅकॅडमी निकालाने प्रत्येक राज्यात निवृत्त न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखाली दोन समित्या नेमायला लावल्या, एक प्रवेशावर नजर ठेवायला आणि दुसरी फीवर. २००५ मध्ये आला इनामदार विरुद्ध महाराष्ट्र सरकार हा निकाल. सात न्यायाधीशांनी सांगितलं की विनाअनुदानित कॉलेजांवर सरकार आपला कोटा लादू शकत नाही. पण त्याच निकालात हेही सांगितलं की प्रवेशाची पद्धत न्याय्य, पारदर्शक आणि पिळवणूक न करणारी असलीच पाहिजे. संस्था यात नापास झाल्या, तर राज्याला आपली पद्धत आणता येते. २०१६ च्या मॉडर्न डेंटल कॉलेज निकालात मध्य प्रदेशचा प्रवेश-फी नियंत्रणाचा कायदा वैध ठरला आणि राज्याने घेतलेल्या सामाईक परीक्षेवर शिक्कामोर्तब झालं.

थोडक्यात, कॉलेज चालवण्याचा हक्क संस्थेचा. जागा विकण्याचा हक्क कुणालाच नाही.

महाराष्ट्रात नेमका कोणता कायदा लागू आहे?

'महाराष्ट्र विनाअनुदानित खासगी व्यावसायिक शैक्षणिक संस्था (प्रवेश व शुल्क यांचे विनियमन) अधिनियम, २०१५'. नाव लांबलचक आहे, पण त्यातली तीन घरं ओळखून ठेवलीत तरी काम भागतं. राज्य सामाईक प्रवेश परीक्षा कक्ष, म्हणजे ज्याला सगळे सीईटी सेल म्हणतात, तो परीक्षा घेतो आणि केंद्रीभूत प्रवेश प्रक्रिया (कॅप) राबवतो. प्रवेश नियामक प्राधिकरण झालेले प्रवेश तपासून मान्यता देतं. शुल्क नियामक प्राधिकरण फी ठरवतं. तक्रार चुकीच्या दारात टाकली की ती तिथेच पडून राहते, म्हणून ही विभागणी लक्षात ठेवा.

मॅनेजमेंट कोट्यातली जागा कॉलेज हव्या त्या मुलाला देऊ शकतं ना?

नाही. सगळ्यात जास्त पैसे बुडतात ते याच गैरसमजापायी.

कायद्याच्या भाषेत त्याला 'संस्थास्तरीय कोटा' म्हणतात. राज्यात इंजिनिअरिंगच्या विनाअनुदानित कॉलेजांत तो २० टक्क्यांपर्यंत असतो, खासगी मेडिकल कॉलेजांत १५ टक्के. इंजिनिअरिंगमध्ये या जागांचे अर्ज संस्था स्वतः मागवते, एवढाच फरक. जाहिरात द्यावी लागते, अर्ज घ्यावे लागतात, पात्र अर्जदारांची गुणवत्ता यादी लावावी लागते आणि त्याच क्रमाने प्रवेश द्यावे लागतात. कॅपच्या फेऱ्या संपल्यावर रिकाम्या राहिलेल्या जागाही अशाच भरायच्या असतात. वरच्या क्रमांकाचा मुलगा दारात उभा असताना खालच्याला जागा दिली, तर तो प्रवेश नियामक प्राधिकरणापुढे टिकत नाही.

प्रवेश परीक्षेतूनही सुटका नाही. इंजिनिअरिंगला सीईटीत किंवा जेईई मेनमध्ये किमान शून्याच्या वर गुण हवेत. मेडिकलला तर नीटशिवाय पानही हलत नाही. पूर्वी राज्यातल्या खासगी मेडिकल कॉलेजांची संघटना स्वतःची 'असो-सीईटी' घेत असे. नीट २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली होती, पण ११ एप्रिल २०१६ रोजी न्यायालयाने तो निकाल मागे घेतला आणि असो-सीईटीचा जमाना संपला. नीट अल्पसंख्याक संस्थांनाही लागू आहे, हे २०२० च्या निकालाने स्पष्ट झालं.

तेव्हा कॉलेजात गेलात की पहिला प्रश्न असा विचारा : 'संस्थास्तरावरची गुणवत्ता यादी कुठे लावली आहे, आणि त्यात माझ्या मुलाचा नंबर कितवा?' उत्तर देताना समोरचा 'ते साहेबांना विचारावं लागेल' म्हणाला, तर खुर्चीतून उठायला हरकत नाही.

'काउन्सेलर'चा फोन आला, सीट कन्फर्म करून देतो म्हणतो. हे डोनेशनच ना?

हो. फोन साधारण असा असतो : 'सर, तुमच्या पाल्याचा स्कोअर पाहिला. कॉम्प्युटरची एकच सीट उरली आहे. आज टोकन टाकलंत तर होल्ड करतो, उद्याची गॅरंटी नाही.' टोकनची पावती मागितली की आवाज खाली येतो. ती 'डेव्हलपमेंट'मध्ये धरली जाईल, संस्थेच्या ट्रस्टच्या नावाने ऐच्छिक देणगी दाखवू, असं काहीतरी सांगितलं जातं.

महाराष्ट्रात कॅपिटेशन फीवर १९८७ च्या कायद्याने बंदी आहे. ठरलेल्या फीपेक्षा जास्त रक्कम प्रवेशाच्या बदल्यात घेणं हा गुन्हा आहे, आणि दोष सिद्ध झाला तर तुरुंगवासाची शिक्षा आहे. रक्कम थेट घेतली की ट्रस्टच्या, नातेवाइकाच्या किंवा मधल्या माणसाच्या खात्यात घेतली, रोख घेतली की वस्तूरूपाने, याने फरक पडत नाही. 'ऐच्छिक' हा शब्द लिहिल्यानेही फरक पडत नाही.

अडचण येते ती पुराव्यात. रोख दिलेले पैसे परत मागायला गेलेल्या बापाकडे दाखवायला काहीच नसतं, आणि त्याने ते दिले असं कबूल करायलाही तो कचरतो. म्हणून कॉलेजच्या अधिकृत खात्याबाहेर एक रुपयाही देऊ नका. मागणी झालीच तर ती मेसेजवर यायला लावा. फोनवर बोलणारा माणूस लेखी द्यायला सहसा तयार होत नाही, आणि त्यावरूनच पुढचं कळतं.

फी किती घ्यायची हे कोण ठरवतं? आमच्या पावतीवर जाहीर फीपेक्षा जास्त रक्कम आहे.

फीचा प्रस्ताव संस्था मांडते. त्याला लेखापरीक्षित हिशेब जोडावे लागतात. शुल्क नियामक प्राधिकरण अभ्यासक्रमाचं स्वरूप, कॉलेजचं ठिकाण, इमारत, सुविधा, पगार आणि देखभालीचा खर्च, वाढीसाठी लागणारी वाजवी शिल्लक हे सगळं पाहून आकडा ठरवतं. तो आकडा प्राधिकरणाच्या संकेतस्थळावर कॉलेजनिहाय पाहता येतो. कॉलेजच्या माहितीपत्रकावर विसंबू नका, तिथूनच पाहा.

आता पावती समोर ठेवा. ट्यूशन फी आणि विकास शुल्क या दोन ओळींची बेरीज प्राधिकरणाच्या आकड्याशी जुळायला हवी. अनामत रक्कम वेगळी असते आणि ती कोर्स संपल्यावर परत मिळते. वसतिगृह, मेस, बस या सेवा घेतल्या तरच त्यांचे पैसे. मग खाली बारीक अक्षरांत येतात 'व्यक्तिमत्त्व विकास', 'प्लेसमेंट ट्रेनिंग', 'डिजिटल सुविधा', 'इतर'. हे सक्तीचं असेल आणि मंजूर फीच्या वर असेल, तर नाव काहीही दिलं तरी ती जादा फीच. प्राधिकरणाकडे तक्रार करता येते आणि जादा घेतलेली रक्कम परत करण्याचा आदेशही देता येतो. पावतीच दिली नाही तर लेखी अर्ज करून मागा आणि अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. पोच देत नाहीत? रजिस्टर पोस्टाने पाठवा.

पूर्ण कोर्सची फी एकदम भरायला सांगतात. भरावी का?

नाही. एका वेळी एका वर्षाची किंवा सत्राचीच फी घेता येते, हे इस्लामिक अॅकॅडमीच्या निकालातच आलं आहे. मुलगा मधेच सोडून जाईल अशी भीती संस्थेला वाटत असेल, तर ती हमीपत्र किंवा बँक गॅरंटी मागू शकते.

प्रवेश रद्द केला तर फी आणि मूळ कागदपत्रं परत मिळतात का?

अभ्यासक्रम सुरू होण्याआधी, नियमाप्रमाणे ठरलेल्या मुदतीत प्रवेश रद्द केला, तर जास्तीत जास्त १००० रुपये प्रक्रिया शुल्क कापून बाकी सगळी फी परत करायची, असा अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषदेचा (एआयसीटीई) नियम आहे. वर्ग सुरू झाल्यावर रद्द केला आणि ती जागा शेवटच्या तारखेआधी दुसऱ्याने भरली, तर तेवढ्या दिवसांची फी कापून उरलेली द्यायची. जागा रिकामीच राहिली तर मात्र परत मिळण्याची शक्यता कमी. शेवटच्या फेरीनंतर घाईने प्रवेश रद्द करू नका, आधी ही तारीख पाहा.

मूळ गुणपत्रिका आणि शाळा सोडल्याचा दाखला पडताळून परत द्यायचा असतो, ओलीस ठेवायचा नसतो. विद्यापीठ अनुदान आयोगाने २०१८ च्या अधिसूचनेत हे स्पष्ट सांगितलं आहे आणि एआयसीटीईचंही हेच धोरण आहे. तरीही 'उरलेली तीन वर्षांची फी भरा, मग टीसी न्या' हे वाक्य आजही ऐकू येतं. अशा वेळी तोंडी भांडू नका. रद्द करण्याचा अर्ज ऑनलाइन पोर्टलवर आणि कॉलेजात दोन्हीकडे द्या, कारण फी परतीचा हिशेब अर्जाच्या तारखेपासून होतो.

खासगी कॉलेजांना आरक्षण लागू आहे का?

आहे. इनामदार निकालानंतर विनाअनुदानित कॉलेजांत आरक्षण नको असा अर्थ निघाला, म्हणून संसदेने ९३ वी घटनादुरुस्ती करून कलम १५(५) आणलं. ते जानेवारी २००६ पासून लागू झालं. त्याच वर्षी महाराष्ट्राने खासगी व्यावसायिक संस्थांतल्या आरक्षणाचा स्वतंत्र कायदा केला. कलम १५(५) विनाअनुदानित संस्थांनाही वैधपणे लागू होतं, हे २०१४ च्या प्रमती निकालाने पक्कं झालं. पुढे २०१९ मध्ये आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटकांसाठी कलम १५(६) आलं, आणि २०२४ च्या राज्य कायद्याने सामाजिक व शैक्षणिकदृष्ट्या मागास वर्गासाठी १० टक्के आरक्षण आलं. या शेवटच्या कायद्याला उच्च न्यायालयात आव्हान दिलं गेलं आहे, त्यामुळे त्याच्या आधारावर अर्ज करणाऱ्यांनी प्रवेशपत्रावरच्या अटी नीट वाचाव्यात.

अल्पसंख्याक कॉलेजांचं काय?

त्यांना कलम १५(५) मधून वगळलं आहे, म्हणून तिथे मागासवर्गीय आरक्षण नसतं. दर्जा धार्मिक असू शकतो किंवा भाषिक, उदाहरणार्थ गुजराती किंवा सिंधी. राज्यात अशा संस्थेच्या किमान ५१ टक्के जागा त्या समाजातल्या, राज्यातल्याच उमेदवारांसाठी असतात. याही जागा गुणवत्तेनेच भराव्या लागतात आणि उरलेल्या सर्वांसाठी खुल्या होतात. अल्पसंख्याक दर्जा म्हणजे मनमानीचा परवाना, हा समज काही संस्थांचाही आहे.

एनआरआय कोट्यातून काका अमेरिकेत आहे म्हणून प्रवेश मिळेल का?

एनआरआय जागा १५ टक्क्यांपर्यंत असू शकतात, असं इनामदार निकाल सांगतो, पण त्या खऱ्या अनिवासी भारतीयांच्या मुलांसाठी किंवा पाल्यांसाठी. पंजाबने २०२४ मध्ये काका, मामा, आत्या, चुलत नातेवाईक असे सगळेच या व्याख्येत घातले. उच्च न्यायालयाने ते रद्द केलं आणि सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, ही निव्वळ फसवणूक आहे अशा शब्दांत झोडपून, राज्याचं अपील फेटाळलं. दत्तकपत्र किंवा पालकत्वाचं प्रतिज्ञापत्र 'करून देतो' म्हणणाऱ्यापासून लांब राहा. पुढे प्रवेश गेला तर जबाबदारी मुलाच्या माथी येते.

अभिमत विद्यापीठ किंवा खासगी विद्यापीठालाही हेच नियम?

नाही, आणि इथे मोठी चूक होते. अभिमत विद्यापीठांची फी राज्याचं शुल्क नियामक प्राधिकरण ठरवत नाही. त्यांच्या मेडिकल जागा केंद्राची वैद्यकीय समुपदेशन समिती नीटच्या गुणांवर भरते. खासगी विद्यापीठं आपापल्या कायद्याने चालतात आणि सहसा स्वतःची प्रक्रिया राबवतात. एकाच आवारात एक संलग्न कॉलेज आणि एक विद्यापीठ शेजारी शेजारी असतं, नाव सारखं, बोधचिन्ह सारखं. अर्ज भरताना आपण नेमका कोणत्या संस्थेत प्रवेश घेतोय, हे पावतीच्या शीर्षकावरून तपासा.

संस्थास्तरावर प्रवेश घेतला तर शिष्यवृत्ती मिळते का?

साधारणपणे नाही. राजर्षी छत्रपती शाहू महाराज शिक्षण शुल्क शिष्यवृत्ती किंवा इतर फी सवलती कॅपमधून आलेल्या मुलांनाच मिळतात. २०२४-२५ पासून कौटुंबिक उत्पन्न आठ लाखांपर्यंत असलेल्या, आर्थिकदृष्ट्या दुर्बल, सामाजिक व शैक्षणिक मागास आणि इतर मागास प्रवर्गांतल्या मुलींना शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क पूर्ण माफ आहे. तीही याच अटीवर. त्यामुळे 'कॅपमध्ये मिळालेलं कॉलेज आवडलं नाही, मॅनेजमेंटमधून घेऊ' असं ठरवण्याआधी चार वर्षांचा हिशेब कागदावर मांडा. हजारो कुटुंबांना हा फरक जुलैत दिसत नाही, डिसेंबरात दिसतो.

कॅपमध्ये मिळालेली जागा नाकारली तर?

नियम आता कडक आहेत. २०२५-२६ पासून इंजिनिअरिंगच्या चार फेऱ्या झाल्या. पहिल्या फेरीत पहिल्या पसंतीची जागा मिळाली तर ती आपोआप फ्रीज होते, म्हणजे तीच पक्की धरली जाते. दुसऱ्या फेरीत पहिल्या तीन पसंतींपैकी, तिसऱ्यात पहिल्या सहांपैकी जागा मिळाली तरी तेच. नको असलेलं कॉलेज 'बघू, मिळालं तर' म्हणून वरच्या क्रमांकावर टाकू नका.

जात वैधता प्रमाणपत्र अजून आलेलं नाही. प्रवेश जाईल का?

अर्ज केल्याची पावती दाखवून तात्पुरता प्रवेश घेता येईल, अशी सवलत शासन बहुतेक वर्षी देतं, पण तिला मुदत असते. त्या तारखेपर्यंत प्रमाणपत्र आलं नाही तर आरक्षित जागेवरचा हक्क जातो. नॉन-क्रीमी लेअर दाखल्याचीही वैधता तपासा. जात पडताळणी समितीकडे अर्ज अकरावीतच टाकायला हवा. बारावीच्या निकालानंतर टाकलेला अर्ज वेळेत निकाली निघणं हा नशिबाचा भाग.

प्रवेश झाला, फी भरली, वर्गही सुरू झाले. आता प्राधिकरणाने मान्यता नाकारली म्हणतात.

कॉलेजने दिलेला प्रवेश हा अर्धाच प्रवेश. संस्थेने यादी अपलोड केल्यावर प्राधिकरण प्रत्येक नाव तपासतं, आणि नियमाबाहेरचा प्रवेश कायद्याच्या दृष्टीने झालेलाच नसतो. मग विद्यापीठ पात्रता देत नाही आणि परीक्षेचा अर्ज अडतो. चूक संस्थेची असली तरी वर्ष मुलाचं वाया जातं. मेडिकलमध्ये बोगस प्रवेशांना कोर्टाची सहानुभूती मिळत नाही. २०१२ च्या प्रिया गुप्ता निकालात सर्वोच्च न्यायालयाने वेळापत्रक आणि गुणवत्ता मोडणाऱ्यांना सज्जड तंबी दिली होती. सप्टेंबर-ऑक्टोबरात कॉलेजात जाऊन एकच विचारा : आमच्या नावाला प्रवेश मान्यता मिळाली का, त्याची प्रत दाखवा.

मेरिटमध्ये असूनही प्रवेश नाकारला. कुठे जायचं?

त्याच दिवशी कॉलेजला लेखी अर्ज. कॅपच्या वाटपाबद्दल तक्रार असेल तर सीईटी सेलकडे, संस्थास्तरीय प्रवेशाबद्दल असेल तर प्रवेश नियामक प्राधिकरणाकडे, फीबद्दल असेल तर शुल्क नियामक प्राधिकरणाकडे. सोबत अर्जाची प्रत, गुणपत्रिका, यादीचा स्क्रीनशॉट, आणि आपल्यापेक्षा कमी गुण असलेल्या कुणाला प्रवेश मिळाला त्याचा यादीतला क्रमांक. 'अन्याय झाला' या दोन शब्दांपेक्षा तो एक क्रमांक जास्त काम करतो. या तक्रारीला वकील लागत नाही.

एवढ्याने भागलं नाही तर उच्च न्यायालयात रिट याचिका. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच, यांपैकी जवळचं पाहा. इथे वेळ हीच खरी अट आहे. डिसेंबर २०१९ च्या कृष्णा श्रद्धा निकालात सर्वोच्च न्यायालयाने मेडिकलच्या बाबतीत सांगितलं की, मुलाची चूक नसेल, प्रवेश बेकायदा नाकारला असेल आणि त्याने अजिबात दिरंगाई केली नसेल, तर न्यायालय अपवाद म्हणून जागा देऊ शकतं, त्या वर्षी जमलं नाही तर पुढच्या वर्षीही. पण ऑगस्टमध्ये झालेल्या अन्यायाची याचिका दिवाळीनंतर टाकणाऱ्याला हा निकाल उपयोगी पडत नाही.

ग्राहक आयोगात गेलं तर चालेल का?

शिक्षण ही 'सेवा' नाही असं सर्वोच्च न्यायालयाने काही निकालांत म्हटलं आहे, आणि राष्ट्रीय आयोगानेही २०२० मध्ये तीच बाजू घेतली. त्या निकालाविरुद्धचं अपील सर्वोच्च न्यायालयाने दाखल करून घेतलं आहे. फी परतीसाठी म्हणून आधी प्राधिकरण आणि विद्यापीठाचा तक्रार निवारण कक्ष हीच वाट धरा, ग्राहक आयोगाचा विचार त्यानंतर करा.